शब्दांची कार्यपुस्तिका वर्गात कशी वापरावी: देवगडकडच्या एका शाळेतली पद्धत

देवगड तालुक्यातल्या जिल्हा परिषदेच्या एका शाळेत मी तिसरी ते पाचवीचे वर्ग एकत्र शिकवते. पट बावीस. काही वर्षांपूर्वी पाचवीतल्या एका मुलाची शब्दसंपत्तीची कार्यपुस्तिका मी तपासून दिली होती. ‘उन्नती’च्या पुढे त्याने ‘अवनती’ अचूक जोडलं होतं आणि त्यावर माझी लाल बरोबर होती. पंधरा दिवसांनी परिपाठात बातम्या वाचताना तोच मुलगा अडला आणि म्हणाला, “बाई, उन्नती म्हणजे काय ओ?”

मी त्याचं ते पान उघडून विचारलं, “मग हे कसं लिहिलंस?” त्याने अगदी सरळ सांगितलं, “डावीकडे चार शब्द, उजवीकडे चार. तीन माका येत होते. चवथो उरलो तो लावलंय.” शिवाय दोन्ही शब्दांच्या शेवटी ‘नती’ आहे हेही त्याने हेरलं होतं. पोरगा हुशार होता. प्रश्नाने जेवढं मागितलं तेवढं त्याने दिलं होतं. शब्द मात्र त्याच्यापर्यंत पोचलाच नव्हता.

त्या दिवसापासून मी कार्यपुस्तिका वापरायची रीत बदलली. आमच्याकडचे पालक तिला अजूनही ‘व्यवसाय’ म्हणतात आणि जूनमध्ये पहिला प्रश्न हाच असतो की यंदा कुठली व्यवसायमाला आणायची. कोणती आणायची यापेक्षा ती कशी वापरायची, यावर मला जास्त सांगायचं आहे. माझं म्हणणं एवढंच: पान भरलं म्हणजे शब्दाची फक्त तोंडओळख झाली. तोच शब्द निदान पाच-सहा वेळा, दर वेळी वेगळ्या कामासाठी मुलाच्या समोर यावा लागतो. पुस्तिका त्यातल्या एखाद-दुसऱ्या भेटीची सोय करते, बाकीच्या भेटी आपण घडवायच्या.

विकत घेण्याआधी

दुकानात पुस्तिका हातात आली की मधलं कुठलंही एक पान उघडा आणि स्वतःला विचारा: शब्दाचा अर्थ अजिबात माहीत नसताना हे पान सोडवता येईल का? ‘जोड्या लावा’मध्ये दोन्ही बाजूंना सारखेच शब्द असतील तर शेवटची जोडी फुकट मिळते. गाळलेल्या जागेपुढे कंसात दोनच पर्याय असतील आणि त्यातला एक क्रियापद, एक नाम असेल, तर वाक्याच्या चालीवरून मूल उत्तर लिहितं. अशी पानं सगळ्याच पुस्तिकांत थोडीफार असतात, म्हणून पुस्तिका टाकून द्यायची गरज नाही. मी उजव्या रकान्यात पेनाने दोन जास्तीचे शब्द लिहून घेते. चार जोड्या, सहा पर्याय. एवढ्याने उरलेला शब्द चिकटवायची वाट बंद होते.

दुसरं बघायचं ते म्हणजे तिसऱ्या पानावरचा शब्द पुढे तेराव्या, तिसाव्या पानावर परत येतो का. बहुतेक ठिकाणी येत नाही. दर पानावर नवे दहा शब्द, आणि जुन्यांचा पत्ता नाही. अशी पुस्तिका घेतलीत तर उजळणीचं काम सर्वस्वी तुमचं, हे धरून चला.

तिसरी गोष्ट कागद. हे पुण्याच्या शिक्षकांना कदाचित महत्त्वाचं वाटणार नाही, पण आमच्याकडे जुलैत वर्गातली हवासुद्धा ओली असते. पातळ कागदावर शाई फुटते, पानं एकमेकांना चिकटतात, आणि श्रावणापर्यंत कडेला बुरशी धरते. जाड कागद, पेन्सिलीने लिहायची सवय आणि दप्तरात प्लास्टिकची पिशवी.

प्रत्येक मुलाने पुस्तिका विकत घेतलीच पाहिजे असं मला वाटत नाही. पहिली ते आठवीची पाठ्यपुस्तकं आपल्या शाळांत मोफत मिळतात आणि शब्दांची खरी खाण तीच आहेत. शिक्षकाजवळ एक चांगली पुस्तिका आणि प्रत्येक मुलाजवळ एक शंभरपानी रेघी वही एवढ्यावर माझी दोन वर्षं उत्तम गेली. पुस्तिकेतल्या प्रश्नाचा नमुना घ्यायचा, शब्द आपल्या पाठातले घालायचे आणि फळ्यावर लिहायचं.

कोणते शब्द घ्यायचे

अमेरिकेतल्या इझाबेल बेक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शब्दांचे तीन थर मानले आहेत. पहिला थर रोजच्या बोलण्यातल्या शब्दांचा: घर, मासा, पळणे. हे शिकवावे लागत नाहीत. तिसरा थर एकेका विषयाच्या खास शब्दांचा: अक्षांश, परागीभवन. ते त्या त्या विषयाच्या तासाला येतात आणि तिथेच शिकवलेले बरे. मधला थर असतो तो कुठल्याही विषयाच्या पुस्तकात भेटणाऱ्या, पण घरात फारसा कानावर न पडणाऱ्या शब्दांचा: अंदाज, तुलना, परिणाम, दुर्मीळ, विपुल, आश्रय, सावध, क्रमशः, अपवाद. कार्यपुस्तिकेचा वेळ या मधल्या थरावर घालवावा. गणिताचं शाब्दिक उदाहरण मुलाला येत नाही तेव्हा पुष्कळदा गणित अडलेलं नसतं, ‘अनुक्रमे’ किंवा ‘उर्वरित’ अडलेला असतो.

हे थर कोकणात आणताना मात्र एक गंमत होते. भूगोलाच्या पुस्तकात ‘पुळण’ हा शब्द व्याख्येसह येतो. विदर्भातल्या मुलासाठी तो तिसऱ्या थरातला अवघड शब्द आहे. आमची पोरं संध्याकाळी पुळणीवर क्रिकेट खेळतात. भरती, ओहोटी, उधाण, खाडी, खाजण, नांगर, सुकाणू, शीड हे सगळं त्यांच्या पहिल्या थरात आहे. उलट ‘फूटपाथ’, ‘सिग्नल’, ‘उड्डाणपूल’ यांची चित्रं मला फळ्यावर काढून दाखवावी लागली आहेत. छापील पुस्तिका सगळ्या महाराष्ट्रासाठी एकच असते. म्हणून दर पान वर्गात देण्याआधी मी त्यातल्या शब्दांपुढे बारीक खुणा करते: हा येतो, हा शिकवायचा, हा सध्या सोडायचा. पाच मिनिटांचं काम आहे, पण त्याने निम्मा वेळ वाचतो.

आठवड्याला आठ नवे शब्द. जास्त नाही. वर्षातले कामाचे तीस आठवडे धरले तर दोनशे चाळीस होतात. पुस्तिकेच्या मागच्या पानावर ‘१५०० शब्द’ लिहिलेलं असतं त्यापुढे हा आकडा लहान दिसेल. पण हे दोनशे चाळीस शब्द मुलाच्या बोलण्यात आणि लिहिण्यात उतरलेले असतील.

आठवडा कसा चालतो

रोज वीस मिनिटं, परिपाठानंतर लगेच.

सोमवारी पुस्तिका उघडायचीच नाही. आठ शब्द फळ्यावर लिहून मी त्यांची गोष्ट सांगते. ‘आश्रय’ घेऊ. शब्दकोशात त्याचा अर्थ ‘आधार, आसरा, अवलंब’ असा असतो, म्हणजे एका अनोळखी शब्दाच्या जागी तीन. मी म्हणते, “वादळाचा इशारा आला की आपल्या देवगड बंदरात गुजरातच्या, केरळच्या होड्या येऊन उभ्या राहतात. का?” पोरं ओरडतात, “आत वारो लागत नाय!” बस. पाऊस, वारा, भीती यांपासून वाचायला जिथे थांबतो तो आश्रय. अर्थ मुलांच्या भाषेतून निघू द्यायचा आणि तोच वहीत लिहायचा. २०२१ च्या मे महिन्यात तौक्ते वादळ आलं तेव्हा कोण कुणाकडे राहायला गेलं होतं, हे मग मोठी मुलं घरी विचारून सांगतात, आणि ‘आश्रय’ त्या गजालीत, म्हणजे गप्पांत, दहा वेळा वापरून होतो.

मंगळवारी पान सोडवायचं. आधी एकट्याने, पेन्सिलीने. मग शेजाऱ्याशी ताडून बघायचं, आणि दोघांची उत्तरं वेगळी असतील तिथे दोघांनी एकमेकांना कारण सांगायचं. शिक्षकाने तपासायचं ते त्यानंतर.

बुधवार हा माझा आवडता वार. या दिवशी एका शब्दाचं कुळ काढायचं. मराठीत ही सोय फार मोठी आहे आणि पुस्तिका तिच्याकडे फार कमी बघतात. ‘पाणी’ घेतलं की पाणवठा, पाणथळ, पाणलोट, पाणबुडी, पाणपोई, पाणचक्की अशी रांग लागते. मुलांना एकदा कळलं की ‘पाणी’ जोडशब्दाच्या पुढे आलं की ‘पाण’ होतं, तर न शिकवलेल्या ‘पाणकोंबडी’चा अर्थ ती स्वतः लावतात. मग मी एक अवघड शब्द ठेवते: पाणउतारा. इथे भिजायचा काही संबंध नाही. मग मोत्याचं पाणी, तलवारीचं पाणी, पाणीदार डोळे यांवर बोलायचं. पाणी म्हणजे तेज, अब्रू, आणि ते उतरवणं म्हणजे अपमान. त्यानंतर ‘पाणिग्रहण’. यातला ‘णि’ ऱ्हस्व आहे, कारण हा ‘पाणि’ वेगळा, संस्कृतातला, आणि त्याचा अर्थ हात. दिसायला सारखे म्हणून एका घरातले नव्हेत, हे चौथीच्या मुलांना नीट समजतं, आणि ऱ्हस्व-दीर्घाला अर्थ असतो हेही त्याच वेळी लक्षात येतं. शुद्धलेखनाच्या वेगळ्या तासाने माझ्या वर्गात हे कधी साधलं नव्हतं.

पुढेमागे लागणाऱ्या अक्षरांचंही असंच. हजर–गैरहजर, पसंत–नापसंत, जबाबदार–बेजबाबदार, चूक–बिनचूक, प्रामाणिक–अप्रामाणिक. पुस्तिकेत हे ‘विरुद्धार्थी शब्द लिहा’ म्हणून सुटे सुटे येतात आणि मुलं ते पाठ करतात. त्याऐवजी फळ्यावर अ, बे, ना, गैर, बिन अशी पाच घरं आखा आणि मुलांना शब्द टाकू द्या. कुणीतरी ‘अहजर’ म्हणेलच. “कानाला कसं वाटतं?” एवढंच विचारा. कोणता उपसर्ग कुणाला चालतो याचा कान हळूहळू तयार होतो.

गुरुवारी वाक्य. ‘वाक्यात उपयोग करा’ हा प्रश्न मराठी शाळेत पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे आणि तो बहुतेक वेळा वाया जातो. “मला आश्रय आवडतो.” “आश्रय छान असतो.” “तो विपुल आहे.” व्याकरणात चूक काढता येत नाही, पण शब्द तिथे निपचित पडलेला असतो. यावर मी एक नियम केला आहे: वाक्यात ‘कारण’, ‘म्हणून’, ‘पण’ किंवा ‘तरी’ यांपैकी एक आलंच पाहिजे. “उधाण आलं म्हणून होड्यांनी खाडीत आश्रय घेतला.” “यंदा मोहोर विपुल आला, पण तुडतुड्याने सगळा गळला.” दुसरं वाक्य पाचवीतल्या मुलीचं आहे. तिच्या घरी कलमांची बाग आहे. अर्थ माहीत असल्याशिवाय असं वाक्य लिहिता येत नाही. या एका नियमाने माझं तपासणं सोपं झालं आणि मुलांचं लिहिणं वाढलं. हा लेख वाचून एकच गोष्ट उचलायची असेल तर हीच उचला.

शुक्रवारी नवं काही नाही, फक्त जुने शब्द. त्याबद्दल पुढे लिहिते. शनिवारी सकाळची शाळा, तेव्हा शब्दकोडी, शब्दडोंगर, भेंड्या.

समानार्थी शब्दांबद्दल थोडं सावधपणे

‘समुद्र – सागर, सिंधू, रत्नाकर, दर्या.’ परीक्षेत हे विचारतात, शिष्यवृत्तीच्या सरावात तर हमखास, म्हणून यादी द्यावी लागते. पण ‘पाणी’ची अशी यादी दिली की “आईने मला उदक दिले” अशी वाक्यं येतात. शब्द सारख्या अर्थाचे असले तरी एकमेकांच्या जागी बसत नाहीत. आमच्या मच्छीमार वाडीतली मुलं ‘दर्या’ सहज बोलतात. नारळी पौर्णिमेला दर्याला नारळ देतात. मी विचारलं, “भूगोलात दर्या का लिहीत नाहीत?” एक मुलगा म्हणाला, “भूगोलातलो समुद्र नकाशात असता. दर्यो खवळता.” यावर मला काही जास्त सांगावं लागलं नाही. समानार्थी शब्दांच्या प्रत्येक पानावर एक जादा रकाना आखून घ्या: ‘कोण, कुठे बोलतं?’

पावसाचंही तसंच. कोकणात वर्षाला सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडतो, म्हणजे शब्दांचीही कमी नाही. भुरभुर, पिरपिर, रिमझिम, सर, झड, संततधार, मुसळधार, वळीव, अवकाळी, उघडीप. हे शब्द कार्डांवर लिहून वर्गात सुतळी बांधली आणि मुलांना सांगितलं, कमीपासून जास्तीपर्यंत चिमट्याने लावा. भुरभुर एका टोकाला, मुसळधार दुसऱ्या टोकाला, इथवर एकमत. ‘संततधार’वर भांडण जुंपलं. एका गटाचं म्हणणं ती मुसळधारच्या आधी, दुसऱ्याचं ती नंतर, कारण “ती थांबतच नाय”. अर्ध्या तासाने तिसरीतल्या मुलीने सांगितलं की मुसळधार म्हणजे जोर आणि संततधार म्हणजे वेळ. दोन्ही एका दोरीवर नकोत. मग दुसरी सुतळी बांधली. ‘वळीव’ आणि ‘अवकाळी’ दोन्हीकडे बसेनात, कारण त्यांत पाऊस कधी आला ते महत्त्वाचं. तिसरी सुतळी. पुस्तिकेतल्या ‘योग्य पर्याय निवडा’च्या पानाने हे झालं नसतं, पण सुरुवात त्या पानावरूनच झाली होती.

घरचा शब्द, पुस्तकातला शब्द

वहीच्या मागच्या बाजूने दोन रकाने आखायचे. एकाला ‘घरात’, दुसऱ्याला ‘पुस्तकात’. ‘अशुद्ध’ आणि ‘शुद्ध’ असे मथळे कृपा करून देऊ नका. तसं लिहिलेल्या वर्गात मूल तोंड उघडत नाही हे मी विद्यार्थी असताना अनुभवलं आहे. माझ्या लहानपणी एका शाळेत मालवणी बोललं की उभं करत. मी त्या वर्षी वर्गात जवळजवळ बोललेच नाही. शब्द वाढवायचे तर आधी असलेले शब्द बाहेर यायला हवेत.

घरात बाव, पुस्तकात विहीर. घरात व्हाळ, पुस्तकात ओहोळ. घरात चेडू, पुस्तकात मुलगी. घरात गजाल, पुस्तकात गप्पा, आणि यावर मुलांचा आक्षेप असतो की गजालीत एखादी गोष्ट सांगितलेली असते, नुसत्या गप्पा नसतात. तो आक्षेपही लिहून ठेवायचा. पन्नासेक जोड्या जमल्या की मुलांना त्यात शोधाशोध करू द्या. आमच्या वर्गात आंबो–आंबा, वारो–वारा, झरो–झरा, गडगो–गडगा, रस्तो–रस्ता हे एकाखाली एक आलं आणि नियम मुलांनीच सांगितला: आपल्याकडे शेवटी ‘ओ’ येतो तिथे पुस्तकात ‘आ’ येतो. घोडो, नळो यांवर लगेच ताडून पाहिलं. ज्या मुलाला लिहिताना ‘वारो’ की ‘वारा’ हे कळत नव्हतं, त्याच्या हातात आता एक किल्ली होती, आणि ती त्याच्याच बोलीतून काढलेली होती.

एक पान नारळाचं करा. आजी-आजोबांना विचारून नारळाच्या झाडाचे सगळे शब्द आणायचे: पोय, शहाळं, सोडण, करवंटी, काथ्या, सुंभ, झावळ किंवा चुडत, हीर. चित्र काढून त्यावर नावं लिहायची. आमच्या यादीत ‘सुंभ’ आला तेव्हा मी ‘सुंभ जळाला तरी पीळ जात नाही’ ही म्हण फळ्यावर लिहिली. म्हणींच्या पानावर ती असते आणि खाली अर्थ छापलेला असतो. आम्ही वीतभर सुंभ आणून शाळेच्या खळ्यात, म्हणजे अंगणात, एका पत्र्यावर ठेवला आणि मी तो पेटवला. जळून राख झाली तरी त्या राखेत पीळ जसाच्या तसा दिसत होता. कुणी हात लावेपर्यंत बावीस मुलं गप्प बसून बघत होती. त्या म्हणीचा अर्थ मी सांगितला नाही.

गणपतीच्या सुट्टीत छापील पानं देऊ नका. मुंबईचे चाकरमानी आलेले असतात, घरं भरलेली असतात, तेव्हा माणसांकडून शब्द आणण्याचं काम द्यावं. गणपतीच्या वर टांगतात त्या माटवीला काय काय बांधलं त्याची नावं: कवंडळ, तेरडा, सुपारी, आंब्याचे टाळ. मुंबईच्या भावंडाला माहीत नसलेले पाच शब्द त्याला शिकवायचे आणि त्याचे पाच शिकून यायचे. सुट्टीनंतरचा पहिला आठवडा या शब्दांवर निघतो.

शब्दकोश दाखवायचाच असेल तर हीच वेळ चांगली. दाते आणि कर्वे यांनी संपादित केलेला महाराष्ट्र शब्दकोश १९३२ ते १९३८ या काळात सात खंडांत निघाला आणि त्यात कोकणातल्या शब्दांपुढे (कों.), कुडाळकडच्या शब्दांपुढे (कु.) अशा खुणा आहेत. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश त्याहून जुना, १८३१ चा, आणि १८५७ मध्ये त्याची वाढवलेली आवृत्ती निघाली. हे दोन्ही आता मोबाइलवर बघायला मिळतात. ‘बृहद्कोश’ या संकेतस्थळावर अनेक कोश एकत्र शोधता येतात. आपल्या आजीचा शब्द छापील कोशात आहे हे पाहिल्यावर मूल तो घरी जाऊन आजीला सांगतं. असं एकदा झालं आणि दुसऱ्या दिवशी आजी शाळेत आल्या, आणखी शब्द घेऊन.

शुक्रवारची पेटी

१८८५ साली हर्मन एबिंगहाउस या जर्मन मानसशास्त्रज्ञाने अर्थहीन अक्षरगट स्वतः पाठ करून, किती वेळाने किती विसरतं याची मोजणी प्रसिद्ध केली. विसरणं सुरुवातीला झपाट्याने होतं आणि मग मंदावतं. म्हणजे सोमवारी शिकवलेल्या शब्दाची उजळणी परीक्षेच्या आदल्या आठवड्यात केली तर मधल्या काळात तो कधीच निसटलेला असतो. १९७२ मध्ये सेबास्टियन लाइटनर या जर्मन पत्रकाराने यावर कप्प्यांच्या खोक्याची युक्ती मांडली. आम्ही ती आंब्याच्या रिकाम्या पेटीत बसवली आहे.

करायचं असं. पुठ्ठ्याचे दोन आडवे तुकडे घालून पेटीचे तीन कप्पे करा. शब्दपट्ट्यांसाठी जुन्या लग्नपत्रिका कापा; त्या जाड असतात आणि पावसात लवकर नरम पडत नाहीत. पट्टीच्या एका बाजूला शब्द, दुसऱ्या बाजूला मुलांनी काढलेला अर्थ आणि त्यांचंच एक वाक्य. नवी पट्टी पहिल्या कप्प्यात जाते. पहिला कप्पा रोज विचारायचा, दुसरा दर शुक्रवारी, तिसरा महिन्याच्या शेवटच्या शुक्रवारी. उत्तर आलं तर पट्टी एक कप्पा पुढे, नाही आलं तर कुठूनही थेट पहिल्यात परत. परत गेलेल्या पट्टीबद्दल कुणाला ओरडायचं नाही.

पट्टी नेहमी एकाच बाजूने दाखवू नका. कधी शब्द दाखवून अर्थ, कधी अर्थ दाखवून शब्द. दुसरं अवघड आहे, पण निबंध लिहिताना मुलाला तेच करायचं असतं.

माझ्यासारखे एकत्र वर्ग असतील तर पट्ट्या लिहायचं काम पाचवीला आणि विचारायचं काम चौथीला द्या. तिसरीला आधी फक्त पहिला कप्पा. पेटी हाताळायची जबाबदारी दर आठवड्याला एका जोडीकडे. वर्गात जे मूल वाचनात मागे असतं त्याला मी मुद्दाम विचारणारा करते, कारण विचारणाऱ्याला प्रत्येक पट्टी वाचावी लागते.

तपासायचं काय

पानावर बरोबर-चूक करून आपण पान तपासतो. शब्द तपासायला मी वहीतल्या प्रत्येक शब्दापुढे तीन चौकोन काढते: वाचून ओळखला, अर्थ सांगितला, आपणहून वापरला. पहिल्या दोघांत मुलं एकमेकांची खूण करू शकतात. तिसरा चौकोन फक्त मी भरते, आणि तोही न सांगता-विचारता शब्द बोलण्यात किंवा लिहिण्यात आला तरच. पोषण आहाराच्या रांगेत एक मुलगी म्हणाली, “बाई, आज आमटीत डाळ विपुल आसा.” मी हातातली पळी ठेवली आणि तिची वही मागवली.

तिसरे चौकोन सावकाश भरतात. पहिल्या सत्रात अगदी मोजके, दिवाळीनंतर वेग येतो. पालकांना हे आधीच सांगून ठेवा, नाहीतर “शेजारच्या शाळेत अख्खी व्यवसाय भरून झाली” अशी तक्रार येते. पालकसभेत मी पुस्तिका दाखवत नाही. पेटी आणते आणि त्यांनाच पट्ट्या काढून मुलांना विचारायला लावते. रापणीवरून, म्हणजे किनाऱ्यावरून जाळं ओढून, थेट आलेले वडील मुलाला ‘अपवाद’चा अर्थ विचारतात, मुलगा सांगतो, आणि मग वडील त्याला ‘भांग’ विचारतात: उधाणाच्या उलटी, कमी जोराची भरती. ती पट्टी आमच्याकडे नव्हती. त्याच दिवशी लिहिली.

एप्रिलच्या शेवटी तिसऱ्या कप्प्यातल्या पट्ट्या दोऱ्याने बांधून, ज्या मुलाने त्या लिहिल्या त्याला देते. पहिल्या कप्प्यात अडकून राहिलेल्या पट्ट्या मात्र शाळेतच ठेवते, घट्ट झाकणाच्या डब्यात, कापूर आणि कडुनिंबाचा पाला घालून. जूनमध्ये शाळा उघडली की नव्या वर्गाचा पहिला शुक्रवार त्यांच्यावरच.